एकच नाव, दोन पुस्तकं : तुमच्या हाती कुठलं आलं?

पानखूण

नमस्कार मंडळी,

तालुक्याच्या गावातल्या एका सार्वजनिक वाचनालयात मी संध्याकाळी देवघेवीच्या टेबलावर बसते. श्रावणातली गोष्ट. आमच्या जुन्या सभासद आजी आल्या. वय ऐंशीच्या पुढे, गुडघ्यांमुळे कपाटांपर्यंत जात नाहीत, टेबलाशीच पुस्तकाचं नाव सांगतात. म्हणाल्या, "युगान्त दे गं." मागे रांग होती. मी आत गेले, युगान्त काढलं, दाखल क्रमांक लिहिला, तारखेचा शिक्का मारला आणि दिलं.

बारा दिवसांनी पुस्तक परत आलं. खाकी कव्हरावरून हात फिरवत आजी म्हणाल्या, "अगं, यात द्रौपदी कुठंच आली नाही."

तेव्हा माझी चूक लक्षात आली. त्यांना हवं होतं इरावती कर्व्यांचं आणि मी दिलं होतं महेश एलकुंचवारांचं नाटक. मी माफी मागायला लागले तर त्यांनी हातानेच थांबवलं. "राहू दे. दोनदा वाचलं. आमचाही वाडा असाच गेला."

त्या दिवसापासून हा विषय डोक्यातून जात नाही. इरावतीबाईंचं 'युगान्त' १९६७ चं. महाभारतातली माणसं एकेक करून समोर बसवून त्यांच्याशी बोलावं तसे लेख आहेत: गांधारी, कुंती, कर्ण, खांडववन जाळून उभी राहिलेली मयसभा, आणि शेवटचा लेख 'युगान्त'. त्याला १९६८ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. पुढे २००२ चा अकादमी पुरस्कार एलकुंचवारांना मिळाला, तोही 'युगान्त'साठीच. चौतीस वर्षांच्या अंतराने एकाच नावाच्या दोन मराठी पुस्तकांना तोच सन्मान! एकात कुरूंचं कुळ बुडतं, दुसऱ्यात विदर्भातल्या देशपांड्यांचं. लागोपाठ वाचली तर दोन्ही एकमेकांना उजेड दाखवतात, हे मला आजींमुळे कळलं.

तर विचारायचं असं की, एका नावाची किंवा नावांत घोळ होईल अशी दोन पुस्तकं तुम्हाला कुठे भेटली? भलतंच पुस्तक हाती येऊन काही चांगलं वाचायला मिळालं का? आठवेल ते लिहा. कर्ता कोण तेही लिहा, म्हणजे इथून यादी करून वाचनालयात जाणाऱ्याला माझ्यासारखा घोळ घालावा लागणार नाही.

तिसरी घंटा

ताई, काय सुरेख प्रसंग सांगितलात. आजींना माझा नमस्कार कळवा.

एलकुंचवारांच्या बाजूने थोडी भर घालतो. 'वाडा चिरेबंदी' १९८५ साली विजयाबाई मेहतांनी रंगभूमीवर आणलं. त्याच घराची गोष्ट पुढे 'मग्न तळ्याकाठी' आणि 'युगान्त'मध्ये जाते. चंद्रकांत कुलकर्णींनी १९९४ मध्ये तिन्ही नाटकं एकत्र केली, एका दिवसात जवळजवळ नऊ तास. धरणगावचे देशपांडे, दारात गंजत पडलेला ट्रॅक्टर, मुंबईहून आलेला सुधीर, कोठीत अंधारात जपलेले दागिने. तिसऱ्या नाटकात येईपर्यंत दुष्काळाने सगळा मुलूखच करपलेला आहे आणि त्यात पराग आणि अभय हे दोन भाऊ बोलत बसलेत. 'युगान्त' हे नाव तिथे एका घरापुरतं राहत नाही. इरावतीबाईंच्या शेवटच्या लेखातही एका युद्धावरून विचार सुरू होतो आणि एका समाजाची जगण्याची रीतच संपली इथवर जातो. तुम्ही म्हणता तो उजेड मला नेमका इथे दिसतो.

आता माझी भर: 'रणांगण'. विश्राम बेडेकरांची कादंबरी १९३९ ची. युरोपातून निघालेली बोट, चक्रधर आणि हॅर्टा, नाझींच्या छळामुळे देशोधडीला लागलेले ज्यू. एवढीशी कादंबरी, पण विसावं शतक त्यात मावलंय. आणि दुसरं 'रणांगण' म्हणजे विश्वास पाटलांचं नाटक. त्यांच्याच 'पानिपत' कादंबरीवरून लिहिलेलं, वामन केंद्रे यांनी बसवलेलं. आमच्या कॉलेजच्या ग्रुपमध्ये मी "रणांगण करूया" म्हणालो, तेव्हा अर्ध्या मुलांच्या डोळ्यांपुढे भाऊसाहेब पेशवे होते आणि माझ्या डोळ्यांपुढे हॅर्टा. पाऊण तास चर्चा झाल्यावर हे उमगलं!

निळी शाई

'पानिपत'चं निघालंच आहे म्हणून. विश्वास पाटलांची कादंबरी १९८८ ची. त्र्यं. शं. शेजवलकरांचा 'पानिपत : १७६१' हा इतिहासग्रंथ वेगळा. कादंबरी वाचून भारावलेल्या प्रत्येकाने नंतर शेजवलकर वाचावेत, असं मला अगदी मनापासून वाटतं. मोहीम का फसली, रसद कुठे तुटली, कुठल्या घराण्याने काय केलं, हे सगळं ते कागदपत्रांच्या आधारावर तपासतात, आणि तरी त्यांची भाषा थंड नाही.

शेजवलकरांच्याच बाबतीत आणखी एक घोळ आहे. 'श्री शिवछत्रपती' शेजवलकरांचं, 'राजा शिवछत्रपती' बाबासाहेब पुरंदऱ्यांचं. शेजवलकर शिवचरित्र लिहिणार होते. त्याची प्रस्तावना, आराखडा आणि गोळा केलेली साधनं एवढंच त्या ग्रंथात आहे. पूर्ण चरित्र झालंच नाही. तरी १९६६ चा अकादमी पुरस्कार त्याला मिळाला. गोष्ट वाचायची म्हणून घरी नेणारा वाचक पहिल्या पन्नास पानांत गोंधळतो. अभ्यास करणाऱ्याला मात्र ते सोडवत नाही.

रोंगाली

मी नोकरीनिमित्त आठ वर्षं गुवाहाटीत आहे. माझा किस्सा ऑफिसच्या कॅन्टीनमधला.

शेजारच्या टेबलावरचा असमिया सहकारी म्हणाला, आमच्याकडची सर्वांत मोठी कादंबरी म्हणजे 'मृत्युंजय'. मला भरून आलं. इतक्या लांब सावंतांचं पुस्तक पोचलंय! मी लगेच सुरू झाले, जन्मापासूनचा अन्याय, ज्याच्या बाजूने उभं राहायचं तीच बाजू चुकीची असणं, शेवटी मनाला लागलेली टोचणी. तो मान डोलवत होता. म्हणाला, हो, अगदी हेच. मग म्हणाला, "पण रेल्वे उलथवायचा प्रसंग वाचताना तुला भीती नाही वाटली?"

कर्णाच्या गोष्टीत रेल्वे कुठून येणार!

त्याचं 'मृत्युंजय' बीरेंद्रकुमार भट्टाचार्यांचं. १९४२ च्या चळवळीतले आसामचे भूमिगत, लष्कराची गाडी रुळांवरून पाडण्याचा बेत, आणि त्यांचा म्होरक्या एक वैष्णव गोसाईं. ज्याने जन्मभर अहिंसा सांगितली त्याच्यावर हे काम येऊन पडतं. ते केल्यावर तो माणूस आत कसा तुटतो ते वाचताना मला रात्री झोप लागली नाही. या लेखकाला १९७९ चा ज्ञानपीठ पुरस्कार मिळाला. शिवाजी सावंतांचं 'मृत्युंजय' १९६७ चं, त्यांना पुढे भारतीय ज्ञानपीठाचाच मूर्तिदेवी पुरस्कार मिळाला. दोन्हींचे हिंदी अनुवादही भारतीय ज्ञानपीठानेच छापले. म्हणजे हिंदी वाचकापुढे एकाच प्रकाशनाची दोन 'मृत्युंजय'!

मी त्याला सावंतांचं हिंदी पुस्तक दिलं, त्याने मला त्याचं. वाचून झाल्यावर आम्ही पुन्हा त्याच टेबलावर बसलो. आमच्या पहिल्या दिवसाच्या गप्पा तशा चुकीच्या नव्हत्याच, असं दोघांनाही वाटलं. मृत्यूला जिंकणारा माणूस म्हणजे न मरणारा नव्हे, हे दोन्ही पुस्तकांत आहे. फक्त सावंत ते सहा जणांच्या तोंडून सांगतात: कर्ण, कुंती, दुर्योधन, वृषाली, शोण आणि कृष्ण. भट्टाचार्य ते जंगलातल्या एका टोळीच्या पायांनी चालत सांगतात.

पानखूण

रोंगाली, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. असमिया 'मृत्युंजय'चा हिंदी अनुवाद आमच्या खरेदीच्या यादीत आजच टाकला.

तिसरी घंटा, "पाऊण तास चर्चा" वाचून आमची खरेदी समितीची बैठक आठवली. तिथेही असंच होतं.

चाफेकळी

'नाच ग घुमा' माधवी देसाईंचं आत्मकथन, २०२४ चा चित्रपट वेगळा, त्याचा या पुस्तकाशी संबंध नाही. आईने पुस्तक मागवलं तेव्हा भावाला वाटलं चित्रपटाची गोष्ट असेल.

जगबुडीकाठची

माझं माहेर खेड तालुक्यातलं. 'तुंबाड' हा चित्रपट २०१८ साली आला, २०२४ मध्ये पुन्हा लागला, आणि तेव्हापासून मला मुंबई-पुण्याची भाचरंडं विचारतात, "आत्या, तुमच्या तुंबाडात तो सिनेमातला राक्षस हस्तर कुठे असतो?"

बाळांनो, श्री. ना. पेंडशांचं 'तुंबाडचे खोत' हे दोन खंडांचं पुस्तक आहे. जगबुडीच्या काठावरच्या एका खोत घराण्याच्या चार पिढ्या त्यात येतात. त्यात भूत नाही. पण हाव आहे, माज आहे, एकाच घरातल्या माणसांनी एकमेकांना दिलेलं दुःख आहे, आणि नदीचं पाणी आहे. चित्रपटाचा गाभा नारायण धारपांच्या भयकथेतून आला आहे आणि नाव तेवढं पेंडशांच्या कादंबरीवरून घेतलेलं.

माझी एक भाची हस्तर शोधायलाच पहिला खंड घेऊन गेली. दोन आठवडे तिचा फोन आला नाही. मग एका रात्री साडेअकराला आला. "आत्या, दुसरा खंड कुठे मिळेल?" त्या वेळी मला किती आनंद झाला ते लिहून सांगता येणार नाही. चित्रपटाचे माझ्यावर उपकारच आहेत.

कोर्टकचेरी

एक गोष्ट सगळ्यांच्या मनात येतेय असं वाटतं: एकाचं नाव दुसऱ्याने घेतलं तर चालतं का?

आपल्याकडे नुसत्या शीर्षकावर कॉपीराइट लागत नाही. 'देसी बॉईज' या चित्रपटाच्या नावावरून झालेल्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये हे स्पष्ट केलं. कायदा संरक्षण देतो ते 'कृती'ला, आणि दोन शब्दांचं नाव म्हणजे स्वतंत्र कृती नव्हे. तीही 'देसी' आणि 'बॉईज' इतक्या सर्रास शब्दांची तर नव्हेच. दुसऱ्याच्या नावलौकिकावर आपला माल खपवण्यासाठी मुद्दाम तेच नाव घेतलं, वाचकाची फसवणूक केली, तर तक्रारीचे वेगळे मार्ग आहेत. पण 'युगान्त' हा शब्द कुणा एकाच्या सातबाऱ्यावर चढत नाही, आणि मला ते योग्यच वाटतं. 'ययाति', 'सावित्री', 'कर्ण' ही नावं पहिल्या लेखकाने अडवून ठेवली असती, तर आपलं किती साहित्य जन्मालाच आलं नसतं!

सप्तापूर

वकीलसाहेबांनी 'ययाति'चं नाव घेतलं, आता मला राहवत नाही. मी धारवाडची. घरात मराठी, शाळा कन्नड.

आमच्या कपाटात तीन ययाति शेजारी शेजारी होते. वि. स. खांडेकरांची कादंबरी १९५९ ची, तिला १९६० चा अकादमी पुरस्कार मिळाला आणि पुढे खांडेकरांना १९७४ चं ज्ञानपीठ. गिरीश कार्नाडांचं कन्नड नाटक 'ययाति' १९६१ चं. हे त्यांचं पहिलं नाटक, वय जेमतेम बावीस-तेवीस. आणि शिरवाडकरांचं 'ययाति आणि देवयानी' १९६६ चं, ज्याला अभिषेकीबुवांचं संगीत आहे. सात वर्षांत तीन लेखक एकाच राजाच्या मागे लागले! स्वातंत्र्यानंतरच्या त्या पिढीला बापाने मुलाचं तारुण्य मागण्याची गोष्ट का बोलवत होती, यावर कुणीतरी बसून लिहायला हवं.

तिन्ही वाचल्यावर माझ्या मनात घर करून राहिली ती कार्नाडांची चित्रलेखा. ही पुरूची नवी नवरी. खांडेकरांना ययातीची वासना दिसते, देवयानीचा अहंकार दिसतो, शर्मिष्ठेची माया दिसते. तिघेही आपापली बाजू स्वतः सांगतात. पण ज्या रात्री पुरू म्हातारा होऊन खोलीत येतो, त्या रात्री त्याच्या बायकोचं काय? कार्नाडांनी हा प्रश्न विचारला. ती आरतीचं ताट घेऊन त्याचं तोंड बघते आणि हादरते. मग सासऱ्यालाच सांगते, माझ्या नवऱ्याचं तारुण्य तुम्ही घेतलंत, तर आता मलाही घ्या. ययातीकडे उत्तर नसतं. ती विष घेते.

मी लग्न होऊन सासरी आले त्या वर्षी हे पुन्हा वाचलं. पुस्तक मिटून बराच वेळ तशीच बसून होते.

पानखूण

सप्तापूर ताई, तुमच्या 'ययाति'वरून एक रोजची अडचण सांगते. आमच्याकडे संगणकावर नोंदणी झाली तेव्हा कुणी 'ययाति' टाकलं, कुणी 'ययाती'. १९६२ च्या नियमांनंतर 'कवि'चा 'कवी' झाला, पण जुन्या मुखपृष्ठांवर ऱ्हस्वच आहे. तसंच 'युगान्त' आणि 'युगांत'. एका वर्तनीने शोधलं की दुसरी प्रत दिसतच नाही. सभासद "नाही म्हणतात" म्हणून परत जातो आणि पुस्तक चार हातांवर कपाटात असतं. मी आता प्रत्येक नोंदीत दोन्ही वर्तनी टाकायला घेतल्या आहेत. रोज वीस-पंचवीस होतात. ऑनलाइन पुस्तक शोधणाऱ्यांनीही दोन्ही लिहून बघावं.

सिद्धेश्वर पेठ

आमच्या सोलापुरात विद्यार्थी हमखास चुकतात ते इथे:

'उपरा' लक्ष्मण मान्यांचं, १९८० चं. 'उचल्या' लक्ष्मण गायकवाडांचं, १९८७ चं. दोघेही लक्ष्मण, दोन्ही आत्मकथनं, दोन्ही नावं 'उ'ने सुरू, दोन्हींना अकादमी पुरस्कार (१९८१ आणि १९८८). एका मुलाने परीक्षेत टोपल्या विणणाऱ्या कैकाड्यांचं बिऱ्हाड 'उचल्या'त नेऊन ठेवलं होतं. त्याला हसू नये. दोन्ही पुस्तकं मुळापासून वाचायला मिळालीच नाहीत, गाइडमधून पाठ केली, तर असंच होणार. 'उपरा'त गाढवांच्या पाठीवर संसार लादून गावोगाव फिरणं आहे. 'उचल्या'त जन्मानेच चोर ठरवलेल्या जमातीवरचा पोलिसांचा मार आहे. एक प्रकरण जरी स्वतः वाचलं तरी ही गल्लत पुन्हा होत नाही.

त्याच कपाटात एकदा मला डॉ. श्रीराम लागूंचं 'लमाण' सापडलं. नाव बघून कुणीतरी भटक्या-विमुक्तांच्या आत्मकथनांत लावलेलं. लागूंनी नटाला लमाण म्हटलंय, इकडचा माल तिकडे पोचवणारा. मी ते काढून नाटकाच्या कपाटात ठेवलं.

तिसरी घंटा

'लमाण'ची गोष्ट फार आवडली. अजून एक: 'अग्निपंख'. कलामांच्या आत्मचरित्राचा माधुरी शानभागांनी केलेला अनुवाद, आणि प्र. ल. मयेकरांचं त्याच नावाचं नाटक. दहावीच्या निकालानंतर बक्षीस म्हणून देताना बघून घ्या.

एमएची वही

मी मराठीची विद्यार्थिनी. 'मर्ढेकरांची कविता' हा मर्ढेकरांचा संग्रह आणि 'मर्ढेकरांची कविता : स्वरूप आणि संदर्भ' हा विजया राजाध्यक्षांचा समीक्षाग्रंथ. मला संग्रह हवा होता, घरी आला तो समीक्षाग्रंथ. परत करणार होते, पण मधलीच पानं चाळली, आणि कवितेतल्या एकेका शब्दावर इतकं थांबता येतं हे तेव्हा पहिल्यांदा कळलं. आता दोन्ही घेतलीत.

'हिंदू'चंही लिहून ठेवते: शरणकुमार लिंबाळ्यांची कादंबरी 'हिंदू' आधीची, भालचंद्र नेमाड्यांची 'हिंदू : जगण्याची समृद्ध अडगळ' २०१० ची. संदर्भ देताना नुसतं 'हिंदू' लिहिलं की आमच्या मॅडम वही परत देतात.

रोंगाली

अजून एक आठवलं. 'स्वामी' म्हटलं की आपल्यापुढे रणजित देसाईंचे माधवराव पेशवे, थेऊरचा गणपती, रमाबाई. इथल्या बंगाली शेजारणीला 'स्वामी' म्हणजे शरच्चंद्र चट्टोपाध्यायांची गोष्ट, ज्यावर १९७७ चा शबाना आझमी आणि गिरीश कार्नाडांचा चित्रपट आहे. बंगालीत स्वामी म्हणजे नवरा! तिला वाटलं मराठी 'स्वामी'ही एका लग्नाची गोष्ट असणार. मी आधी नाही म्हणाले. मग रमा-माधवांची सगळी पानं आठवली आणि म्हटलं, तीही आहे.

पानखूण

मंडळी, चार दिवस हा धागा वाचते आहे. पस्तीसच्या वर नावं निघाली, त्यांतली नऊ आमच्याकडे नव्हती.

आजी काल आल्या होत्या. मी इरावतीबाईंचं 'युगान्त' वेगळं काढून ठेवलंच होतं. त्यांनी पिशवीतून एक वही काढली. दोनशे पानी, कोपरे दुमडलेले. लग्नानंतर वाचलेलं प्रत्येक पुस्तक त्यात लिहिलंय. फक्त नावं, एका ओळीत एक. लेखक कुठेच नाही. मी म्हटलं, आजी, आता तरी लेखक लिहा. दोन युगान्त होणार.

त्यांनी चष्मा लावला आणि माझंच पेन मागून घेतलं. आधीच्या ओळीत 'युगान्त'पुढे लिहिलं, 'वाड्याचं'. खाली नवी ओळ घातली, 'युगान्त', आणि त्यापुढे लिहिलं, 'इरावतीबाईंचं, अजून वाचायचंय'.